वापराबाहेर

अल बर्शा, दुबई

प्रिय सूर्यकांतदादा,

गुरुवारी तू कायमचा पुण्याला चाललास, हे वहिनीकडून कळलं. तू मंडळ फोडून ‘खरं मराठी मंडळ’ काढलंस, मी स्टेजवरून तुझी टर उडवली, त्याला चार वर्षं झाली. तेव्हापासून बोलणं खलास.

ऑफिसातल्या आयरिश डोनलचे काका आयआरएत, म्हणजे ब्रिटिशांशी लढणाऱ्या तिथल्या सशस्त्र संघटनेत होते. तिथेही फुटता फुटता शेवटी ‘रियल आयआरए’ निघाली. काकांच्या गटाने मात्र बंदुका सोडल्या. पण त्याला शरणागती म्हणायचं नाही. ‘वापराबाहेर ठेवल्या’ म्हणायचं.

दमलो रे. माफी मलाही जमणार नाही, पण जीभ वापराबाहेर ठेवतो. हवं तर तुझ्या मंडळाचे दोन्ही सभासद साक्षीला बोलाव.

बघ, सुटलीच! म्हणून हे पाठवत नाही. एअरपोर्टवर येईन आणि मुकाट बॅगा उचलीन.

तुझाच,
श्रीनाथ