रांग मोडायची नाही

ड्राय फोर्क, कॅन्सस
१९ मार्च १९४४

प्रिय मर्ल,

तुझं इस्पितळातून पाठवलेलं पत्र मंगळवारी मिळालं. पाय वाचला हे ऐकून आई होती तिथेच, पिठाच्या डब्यावर बसली आणि ॲप्रनमध्ये तोंड खुपसून रडली. मग डोळे पुसून म्हणाली, "लंगडेल का गं तो?" मी म्हटलं, "आधी तरी कुठे सरळ चालायचा?" तेव्हा कुठे हसली.

इकडे सगळं ठीक आहे. गहू असा आलाय की तू शेत ओळखायचा नाहीस. जिथे आपण धुळीखाली गेलेलं कुंपण काठीने टोचून शोधायचो, तिथे आता सगळं हिरवं आहे. ट्रॅक्टरला टायर मिळत नाहीत म्हणून म्हाताऱ्या घोडीला परत जुंपलंय. तिला ते अजिबात पसंत नाही आणि ती तसं रोज दाखवून देते. साखर कूपनावर. पाद्रीणबाई विमानं बनवायला भांडी गोळा करतात, त्यांनी आईची चांगली किटली उचलून नेली. आमच्या कॉफीचा वास घेऊन एखादं विमान तुझ्या डोक्यावरून गेलं तर हात हलव.

ओपल चौदाची झाली. माझ्यापेक्षा डोकंभर उंच आहे आणि तेवढाच शिष्टपणाही आलाय. घरचा पोरगा लढाईवर आहे म्हणून खिडकीत लावलेला तुझ्या नावाचा कापडी तारा उन्हाने विटला होता, तिने नवा शिवून लावला.

गेल्या रविवारी चर्च सुटल्यावर सशांचा हाका झाला, बऱ्याच वर्षांनी. कातड्यांना लढाईमुळे मागणी आहे म्हणतात. त्यात बाबांना जरा लागलं, ते पडून आहेत. बाकी विशेष काही नाही.

रजेचं कळव. आईचे आशीर्वाद, ओपलचा नमस्कार.

तुझी
आयव्ही


ड्राय फोर्क
१६ एप्रिल १९४४

प्रिय मर्ल,

दुसरं पत्र पोचलं. तू बजावलंस तसं कुणाला वाचून दाखवलं नाही. गोठ्यात जाऊन वाचलं, आणि आईला सांगितलं की तू मजेत आहेस, जेवण बरं मिळतं, मे महिन्यात रजेवर येतोयस. पत्रात दोन गोष्टी होत्या आणि दोन्ही एकाच माणसाने लिहिल्यात हे मला खरं वाटेना. एकीबद्दल शेवटी लिहीन, कारण तिच्यासाठीच हे पत्र आहे. दुसरी तुझी धमकी. "'जरा लागलं' म्हणजे काय ते नीट लिही. मे महिन्यात मी येतोय. बापाने माझा एक हात मोडला, मी त्याचे दोन्ही मोडल्याशिवाय परत फिरणार नाही."

बरं. नीट लिहिते.

पहिला हाका तुला आठवतच असेल, तुझाच हात मोडला होता. पण मी उभी होते तिथून काय दिसलं ते तुला ठाऊक नाही. पस्तीस साल. ताटं पालथी घालून ठेवायची आणि जेवायच्या वेळीच उलटायची, एवढी धूळ. गाईंना काटेरी झुडपं घालत होतो आणि उरलंसुरलं सगळं ससे खात होते, झाडाच्या सालीसुद्धा. म्हणून अख्खा गाव मैलभर लांब रांग धरून निघाला. बंदुका नाहीत, कुत्री नाहीत, ज्याच्या त्याच्या हातात दांडका. रांग वळवत वळवत कुंपणापाशी गोल करायचा, ससे आत कोंडायचे आणि झोडपायचे. तेव्हाच्या सगळ्या सूचना मी विसरले, पण एक आजही कानात आहे. "काय वाट्टेल ते झालं तरी आपली जागा सोडायची नाही. एक जण हलला की भगदाड पडतं."

ससे ओरडतात हे आपल्याला माहीत नव्हतं, नाही का? तान्ह्या पोरासारखे ओरडतात. तू दांडका टाकलास आणि बाजूला झालास. ससे तुझ्या पायांमधून निसटले. बाबा आले आणि कुऱ्हाडीच्या दांड्याने तुला मारायला लागले. हाड मोडल्याचा आवाज मी ऐकला, मर्ल. माझ्या डाव्या हाताला आई होती, उजव्या हाताला गस हँकन. आई पुढे झाली तशी गसने तिला दटावलं, "बाई, जागेवर! रांग मोडायची नाही!" आणि आई जागेवर उभी राहिली. पाद्री उभा राहिला. अख्खं गाव आपापल्या जागी उभं राहून बघत राहिलं. मग सगळे जण एकेक पाऊल सरकून तुझी रिकामी जागा भरून पुढे गेले.

तू सोळाव्या वर्षी मालगाडीत चढून पळालास. तुझ्या वाटचा मार घरातच राहिला, तो आईच्या पदरात पडला. तिचा गुडघा कशाने गेला ते मी पत्रात कधी लिहिलं नाही. तूही विचारलं नाहीस.

आता गेल्या महिन्याचा हाका. तीच शिवारं, तेच लोक, फक्त तरणी पोरं कमी. कायदा सांभाळणारा शेरीफही होता, टोपी मागे सारून, पोटावर दांडका टेकवून. बाबा, मग ओपल, मग आई, मग मी. आईला चालवेना. ती मागे पडली, तिच्या आणि माझ्यामध्ये अंतर पडलं आणि दहा-वीस ससे सुळकन निघून गेले. लोक ओरडले. बाबा रांगेच्या मागून आले आणि त्यांनी आईच्या पाठीत दांडका घातला. ती गुडघ्यांवर पडली. दुसरा घातला. आणि ऐक, मर्ल, गस हँकन आता सत्तरीला आलाय, दात गेलेत, तरी त्याच आवाजात ओरडला, "जागा सोडू नका रे!"

ओपलने जागा सोडली.

तिने मागून मारलं. पहिला घाव कानाच्या वर बसला आणि बाबांची टोपी उडाली. ते वळले. त्यांच्या चेहऱ्यावर राग नव्हता, नुसतं आश्चर्य होतं. दुसरा तोंडावर बसला. ते पडले. आणि ती थांबली नाही. आपण सशांना मारायचो ना, वरून खाली, खांद्यातून जोर काढून, तशीच मारत राहिली. आई जमिनीवरून म्हणत होती, "पुरे गं, पुरे गं पोरी." ओपलच्या ओठांवर, केसांवर रक्त उडालं होतं. मी पाहत होते. मी हलले नाही. तेव्हा मला ती थांबायलाच नको होती, हे तुझ्यापासून का लपवू?

कुणीच हललं नाही. तुझ्या वेळी जे उभे राहिले होते तेच याही वेळी उभे राहिले. मग रांग आम्हा चौघांना मागे टाकून पुढे गेली. तिकडे कुंपणात ससे मारून झाले, कुणीतरी कॉफी वाटली, आणि मग माणसं परत आली बाबांना उचलायला. शेरीफने गाडीच्या पायरीवर पाय ठेवून विचारलं, "कसं काय झालं?" गस म्हणाला, "गर्दीत कुणाचा तरी दांडका लागला." शेरीफ म्हणाला, "गर्दीत लागतो." आणि टोपी घालून निघून गेला. नंतर चार बाया घरी केक घेऊन आल्या. एकीने ओपलच्या पाठीवरून हात फिरवला. गाव आमच्या बाजूने आहे म्हणून मला बरं वाटायला हवं होतं. वाटलं नाही. ज्या तोंडांनी तुझ्या वेळी मूग गिळले, तीच ही तोंडं.

तर 'जरा लागलं' म्हणजे हे. उजवी बाजू गेली. बोलता येत नाही, नुसते घशातून आवाज. आई चमच्याने भरवते, मी अंथरूण बदलते. दया येते का म्हणशील, तर नाही येत. पाठ पुसताना मला त्यांचा तो दांडका धरलेला हातच दिसतो. पण तू दोन हात मोडायला येतोयस ना, त्यातला एक आधीच मेलाय आणि दुसऱ्याने त्यांना पाण्याचा पेलाही धरता येत नाही.

एवढंच असतं तर मी हे दोन ओळींत कळवलं असतं.

ओपल आता बाबांच्या खुर्चीत बसते. कुणी सांगितलं नाही, एका संध्याकाळी बसली. आणि आईने पहिलं ताट तिच्यासमोर ठेवलं. मला वाटलं चुकून ठेवलं. दुसऱ्या दिवशीही तसंच. कोंबडी कापायची का, हे आई तिला विचारते. दार हळू लावते. ओपल गोठ्यातून येताना बुटांचा आवाज झाला की आईचं बोलणं बंद. पोरीने तिला वाचवलं, आणि ही तिला बिचकते. बावीस वर्षांची सवय. घरात मारणारा कोण आहे ते बघायचं आणि त्याला आधी वाढायचं.

बाबांच्या खोलीत ओपल रोज जाते. सुपाचा वाडगा त्यांचा हात जरासा पुरणार नाही असा ठेवते आणि पलंगाशी बसून वाकून सांगते, "मर्ल येतोय बरं का. तुमच्यासाठीच येतोय." दांडका तिने धुतला नाही. भिंतीला टांगलाय, त्यांना दिसेल असा. मी म्हटलं, "ओपल, काढ ते." ती म्हणाली, "मर्लची पाळी आहे. त्याचा हक्क आहे तो." तू येतोस असं ती म्हणाली की ते अंथरूण ओलं करतात. ते मी धुते.

परवा गुरुवारी आईकडून मक्याचा पाव करपला. ओपल खुर्चीतून उठली, नुसती उठली, आणि आईचं कोपर आपोआप तोंडासमोर गेलं. ओपल थबकली. मला वाटलं, आता ही रडेल, आईच्या गळ्यात पडेल. ती आईच्या त्या कोपराकडे बघत राहिली आणि हळूच हसली. मग मारलं. तोंडावर, उलट्या हाताने, अगदी बाबांसारखं. आईने पडलेला पाव उचलला आणि म्हणाली, "दुसरा करते हं."

मी मध्ये पडले तर मला म्हणते, "तू गप्प बस. तू उभी होतीस."

मी काय केलं नाही सांग. समजावलं, ओरडले, पाद्रीला बोलावलं. पाद्री केक खाऊन गेला आणि म्हणाला, धीट मुलगी आहे. शाळेतली पोरं तिला घाबरून वाट देतात आणि तिला ते आवडतं. घरी आली की तुझ्या फोटोसमोर उभी राहते. "आयव्ही, मर्लने तिकडे किती मारले असतील गं?" माझं ती ऐकणार नाही, आईचं तर नाहीच. जगात एकाच माणसाला ती मानते.

म्हणून आता तुझ्या पत्रातली पहिली गोष्ट. बेटावर त्या खड्ड्यात सापडलेला तो जपानी पोरगा, हात वर केलेला, आणि तू बंदुकीच्या दस्त्याने जे केलंस ते. तू लिहिलंस की वॉर्डात कुणाची थाळी पडली तरी तू पलंगाखाली जातोस. डोळे मिटले की तो हात वर करतो. तू लिहिलंस, "मारताना बरं वाटत होतं, आयव्ही, हेच मला कुणाला सांगता येत नाही." तुझी कीव आली आणि तुझा हेवाही वाटला, कारण ओपलला जे कळायला हवं ते तुझ्याकडे आहे, माझ्याकडे नाही.

ये. मे महिन्यातच ये, जमलं तर आधी ये. बाबांच्या खोलीत जाऊ नकोस म्हणत नाही. जा, काय बोलायचं ते बोल. पण भिंतीवरचा दांडका तू हातात घेतलास ना, एकदाच, त्यांना नुसतं भेडसावण्यापुरता जरी घेतलास, तरी ओपल गेली. मग ती कुणाचीच राहणार नाही.

तू लाजशील, मला माहीत आहे. तिच्यासमोर वीर म्हणून उभं राहावंसं वाटेल. गाव स्टेशनवर बँड घेऊन येणार आहे, गस हँकन हार घालणार आहे. सगळं उरकून घे. आणि मग तिला बाहेर बांधावर ने आणि त्या पोराची गोष्ट सांग. हात वर केलेल्या. सगळी सांग, बरं वाटलं तेही सांग आणि नंतरचं सगळं सांग. रडू आलं तर तिच्यासमोर रड. मर्ल, तुझ्याशिवाय तिला हे सांगू शकेल असं या घरात कुणी नाही.

तिला न विचारता हे पत्र टाकणारी, आणि ती उठली की आजकाल जिचंही कोपर वर जातं ती,

तुझी बहीण
आयव्ही