सासूबाईंची रेल्वे आणि तुमची जुनी डिस्क

तीर्थस्वरूप दादांना,

नमस्कार, आणि वहिनींनाही तो पोचवावा. तुमचा गुडघा, वहिनींचा खोकला आणि तुमच्या गाडीतला तो खडखडाट, तिन्ही कमी झाले असतील असं धरून चालतो. इथे सगळे बरे आहेत. आईंचा (म्हणजे तुमच्या सख्ख्या आणि माझ्या सासूबाईंचा) रक्तदाब मध्यंतरी थोडा चढला होता, आता उतरला आहे. माझाही चढला होता, पण तो कुणी मोजला नाही. मी हाताने पत्र लिहितोय याचं नवल वाटून घेऊ नका. फोनवर तुम्ही मला दुसऱ्याच वाक्याला अडवता आणि म्हणता, 'सोप्पं आहे हो, भाऊजी.' हे सोपं नव्हतं. कागदाला मध्ये बोलता येत नाही, म्हणून कागद.

तर तुम्ही त्या रविवारी आलात, आमचा संगणक उघडून पाहिलात आणि 'भरलाय, म्हणून मंद चालतोय' असं निदान केलंत. इथवर माझी तक्रार नाही. मग तुम्ही बॅगेतून तुमच्या जुन्या संगणकातली डिस्क काढून आमच्या डब्यात बसवलीत (चारांपैकी दोनच स्क्रू लावलेत, उरलेले दोन तुमच्या बहिणीच्या पायाला सापडले), आईंचा रेल्वेचा खेळ उचलून त्या डिस्कवर तुमच्याच कुठल्याशा फोल्डरात नेऊन ठेवलात, चहा घेतलात आणि गेलात. खेळ चालू होत होता. पूर्वीपेक्षा झटपट होत होता. आईंनी तुमचं कौतुकही केलं, ते मी मुद्दाम कळवतो, कारण त्यानंतर झालं नाही.

हा खेळ काय आहे ते तुम्हाला नीटसं ठाऊक नाही, म्हणून सांगतो. रिकाम्या नकाशावर रूळ टाकायचे, स्टेशनं बांधायची, सिग्नल लावायचे आणि माणसांना जिथे जायचं असेल तिथे पोचवायचं. आईंनी एकतीस वर्षं टेलिफोन एक्स्चेंजमध्ये लोकांचे फोन जोडून दिले आहेत, त्यामुळे कुणी कुठे अडकून राहिलेलं त्यांना बघवत नाही. दहा महिन्यांत त्यांनी एक्केचाळीस स्टेशनं उभी केली आहेत. गाडी दोन मिनिटं उशिरा आली की त्या चष्मा काढून पुसतात आणि कुठला सिग्नल चुकला ते शोधून काढतात. मी संध्याकाळी कामावरून आलो की शेजारी बसतो. नुसता बघायला. (पूर्वेकडचे सिग्नल माझ्याकडे आहेत, पण ते थोडेच आहेत.)

सोमवारी संध्याकाळी आईंनी नेहमीप्रमाणे दिवसभराचं काम साठवायचं बटण दाबलं आणि पडद्यावर पाटी आली : साठवता येत नाही, परवानगी नाकारली. आईंनी पुन्हा दाबलं. पुन्हा तेच. त्या म्हणाल्या, 'कुणी नाकारली?' मी म्हटलं, 'संगणकाने.' त्या म्हणाल्या, 'त्याला कुणी विचारलं होतं?' आता खेळ बंद करून पुन्हा उघडला असता तर एका दिवसाचं काम गेलं असतं, एवढंच. मी तसं सुचवलं. पण त्याच दिवशी त्यांचा खाडीवरचा पूल पहिल्यांदा उभा राहिला होता. तीन महिने तो पूल दर वेळी मधल्या खांबाशी कोसळत होता आणि आता त्याच्यावरून गाडी जात होती. आईंनी माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं की मी सुचवलेलं तिथेच गिळलं. त्यांनी संगणक बंदच करायचा नाही असं ठरवलं. बटणावर चिकटपट्टीने कागद लावला : 'हात लावू नये.' आणि बंद करता येत नाही म्हणून खेळणं थोडंच थांबणार? पुढचे दहा दिवस त्या पुलापलीकडे रूळ टाकत राहिल्या. म्हणजे गमवायचा ऐवज रोज वाढत होता. तुमच्या बहिणीने त्या खोलीत झाडू मारायचंच सोडलं, न जाणो वायरला धक्का लागला तर!

मी लिफ्टदुरुस्तीच्या धंद्यात सव्वीस वर्षं काढली आहेत. चौदाव्या मजल्यावर अडकलेली लिफ्ट खाली आणतो, एका फोल्डरने हार कशी खायची? खेळ मागे चालू ठेवून मी फोल्डरची माहिती उघडली. तिथे 'फक्त वाचण्यासाठी' असं लिहिलेल्या चौकोनात खूण दिसली. आला चोर हाती, म्हटलं. खूण काढली, ओके केलं, पुन्हा उघडलं, तर खूण जागेवर. अकरा वेळा काढली. बाराव्या वेळी आमच्या ऑफिसात संगणक बघणाऱ्या बाईंना फोन केला. त्या म्हणाल्या, ती खूण प्रत्येक फोल्डरला तशीच दिसते, तिला काही अर्थ नसतो. (मग ठेवली कशाला, असं मी विचारलं नाही. त्या जेवत होत्या.) त्यांनी दुसरा उपाय सांगितला : खेळ ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालू करा. उपाय चोख होता, फक्त त्यासाठी खेळ आधी बंद करावा लागणार होता. मी आईंना हे सांगितलंसुद्धा नाही.

मग पुढच्या आठवड्यात मंगळवारी वीज कंपनीची चिठ्ठी आली. गुरुवारी तारांचं काम आहे, सकाळी दहा ते संध्याकाळी पाच वीज बंद. आमच्या संगणकाच्या खालची बॅटरी सात मिनिटं टिकते. आईंनी चिठ्ठी वाचली, घडी घातली आणि आत जाऊन पडल्या. रक्तदाब चढला तो त्या दिवशी.

आता माझ्या हातून जे घडलं ते लिहितो, कारण ते तुम्हाला आज ना उद्या तुमच्या बहिणीकडून कळेलच, आणि ती ते चवीने सांगेल. बुधवारी मी फोल्डरच्या 'सिक्युरिटी'त शिरलो. तिथे नावांची यादी होती. सगळ्यात वर एक भलामोठा आकडा होता, नावच नाही. ऑफिसातल्या बाईंनी सांगितलं की तुमच्या जुन्या संगणकात तुम्ही जे होतात त्याचा तो आकडा. आमचा संगणक तुम्हाला ओळखत नाही, पण फोल्डर अजून तुमचाच मानतो. म्हणजे आई तुमच्या परवानगीसाठी खोळंबल्या होत्या, आणि ती तुम्ही स्वतः येऊनही देऊ शकला नसतात. यादीत खाली 'एव्हरीवन' म्हणून एक नाव होतं, आणि समोर दोन रांगा : अलाऊ आणि डिनाय. मी विचार केला, लिफ्ट दुरुस्त करताना आम्ही आधी काय करतो? बाकी कुणी बटणं दाबू नयेत म्हणून यंत्र बंद करून कुलूप घालतो आणि मग कामाला लागतो. तेव्हा आधी सगळ्यांना मनाई करू, मग निवांत आईंना परवानगी देऊ. मी एव्हरीवनसमोर डिनायच्या सगळ्या खुणा केल्या. संगणकाने लांबलचक काहीतरी विचारलं. मी 'होय' म्हटलं. अशा वेळी सगळेच 'होय' म्हणतात.

त्यानंतर फोल्डर उघडेचना. आधी निदान आतलं दिसत तरी होतं, आता आत डोकावण्याचीही सोय नाही. आणि मी घातलेली मनाई मलाच काढता येईना. आई मागे उभ्या होत्या.

'काय केलंत?'

'सगळ्यांना मनाई केली.'

'सगळ्यांत तुम्ही येत नाही का, जावईबापू?'

दादा, खरं सांगतो, मला वाटलं होतं की जो मनाई करतो तो त्यात धरत नसतील.

गुरुवारी मी रजा घेतली. सकाळी नऊला ऑफिसातल्या बाई फोनवर आल्या. त्या म्हणाल्या, आधी फोल्डरचे मालक व्हा. मालकाला कितीही मनाई असली तरी ती काढता येते. मालक होण्यासाठी एका चौकटीत आपलं नाव टाकायचं होतं. मी माझं नाव टाकलं. सापडत नाही, म्हणाला. आडनाव लावून टाकलं. नाही. तुमच्या बहिणीने सांगितलं, संगणक देताना दादाने काहीतरी नाव घातलं होतं, 'भाऊजी' असेल. इंग्रजी अक्षरांत भाऊजी सहा प्रकारे लिहिता येतो, सहाही झाले. साडेनऊ वाजून गेले. शेवटी आईच म्हणाल्या, 'नाव माहीत नसेल तर माणूस चौकशीला फोन करतो. इथे चौकशी नाही का?' होती. 'ॲडव्हान्स्ड' म्हणून बटण होतं, ते दाबून शोधायला सांगितलं की संगणकातली झाडून सगळी नावं येत होती. त्यांत तळाला होतं 'तात्पुरता'. तीन वर्षं मी या घरात, माझ्याच टेबलावर, तात्पुरता म्हणून वावरतोय, हे मला त्या क्षणी कळलं. त्यावर नंतर बोलू.

मी 'तात्पुरता'वर टिचकी मारली आणि दिवे गेले. घड्याळात नऊ बावन्न झाले होते. वीज कंपनीच्या घड्याळात दहा वाजले असतील. बॅटरी टी-टी करायला लागली. संगणक म्हणाला, आता मालक झालात, पण खिडकी बंद करून पुन्हा उघडा, मगच पुढचं. फोनवर बाई ओरडल्या, 'आतल्या सगळ्यांनाही लागू करा, खालची बारीक खूण विसरू नका!' ती खूण मी विसरलोच होतो. पुन्हा मागे गेलो. तुमची बहीण मेणबत्ती घेऊन आली (सकाळी दहाला, लख्ख उजेडात, पण त्या वेळी तिलाही काहीतरी करावंसं वाटलं असणार). मी मनाईच्या खुणा काढल्या, तात्पुरत्याला पूर्ण हक्क दिले, हिरवी पट्टी हळूहळू सरकली. टी-टीचा आता एकसलग सूर झाला होता. मी खुर्चीवरून उठलो, आई बसल्या, त्यांनी शांतपणे खेळ समोर आणला, साठवायचं बटण दाबलं. पडद्यावर काहीतरी पाटी उमटली. ती वाचायच्या आत सगळं काळं झालं.

'काय लिहिलं होतं?' मी विचारलं.

'चष्मा तुमच्या हातात आहे,' आई म्हणाल्या.

खरंच होता. कधी घेतला, कशाला घेतला, देव जाणे.

मग संध्याकाळी पाचपर्यंत करण्यासारखं काही नव्हतं. मी कामावर गेलो असतो तर चाललं असतं, पण गेलो नाही. आईंनी पाठकोऱ्या कागदांची चळत घेतली आणि सगळी रेल्वे आठवून काढायला बसल्या. साठलं नसेल तर पुन्हा बांधताना हाताशी असावं म्हणून. मी पट्टी धरत होतो. एक्केचाळीस जुनी स्टेशनं आणि दहा दिवसांतली नवी नऊ, कुठला रूळ कुठे वळतो, कुठल्या गाडीला किती डबे, सगळं त्यांच्या डोक्यात होतं. पूर्वेकडच्या भागाशी आल्यावर त्यांनी पेन्सिल माझ्याकडे दिली. म्हणाल्या, 'हे तुमचं. तुम्ही काढा.' मला तीनच सिग्नल आठवले. त्या हसल्या नाहीत. जेवणं झाल्यावर त्यांनी बाकीचे समजावून सांगितले, कुठला कशासाठी आहे ते. एक्स्चेंजमध्ये पुराच्या वेळी सलग दोन पाळ्या बसून लोकांना घरच्यांशी जोडून दिल्याची हकिगत सांगितली. ती तुम्हाला माहीत असेल. मला लग्नाला बावीस वर्षं होऊनही माहीत नव्हती.

पाच वाजून वीस मिनिटांनी वीज आली. मी बटणावरचा कागद काढला आणि संगणक चालू केला. खेळ उघडला. पूल उभा होता. नवी नऊच्या नऊ स्टेशनं होती. आईंनी चष्मा लावला, एक गाडी पुलावरून पलीकडे जाईपर्यंत पाहिली आणि म्हणाल्या, 'चहा टाका कुणीतरी.' मी टाकला.

तर हे असं झालं. तुमच्यावर राग नाही. वहिनींना नमस्कार.

तुमचा,
भाऊजी

ता. क. : हे सगळं खरं तर एका गोष्टीसाठी लिहिलं. पहिल्या तारखेला तुम्ही आईंना कायमच्या तुमच्याकडे न्यायला येणार, असं आपल्या दोघांत फोनवर ठरलं होतं. तुमच्याकडे खोली मोठी आहे, दवाखाना जवळ आहे, सगळं मान्य. पण पुलापलीकडचं काम अर्धवट आहे आणि या वयात काम मध्येच सोडणं प्रकृतीला बरं नाही. तारीख पुढे ढकलता येईल का? मी हे त्यांच्यासाठी म्हणतोय. माझं काही नाही.

दुसरा ता. क. (हा आईच्या हातचा) : पत्र टेबलावर उघडं होतं, वाचलं. तुम्ही दोघांनी माझं काय ते फोनवर ठरवलंत, हे मला आज कळलं. पहिल्या तारखेला मी येते, न्यायला येऊ नकोस, माझं तिकीट मी काढलं आहे. महिनाभर राहीन आणि परत इकडे येईन. सूनबाईला सांग, खोलीत काही नवीन आणू नये. मी नसताना रेल्वे बंद राहणार नाही, सगळी माहिती कागदावर काढून दिली आहे. जावईबापूंना यातलं काही बोलले नाही. पाकिटात तेच घालणार, तेव्हा वाचतील.

तिसरा ता. क. : वाचलं. महिना तीस दिवसांचा धरावा, एकतीस नव्हे.