होडी कुणाची

नवी आंबेसावळी, ता. पैठण,
जि. औरंगाबाद
दि. ९ मे १९९८

ती. स्व. बिरूदादास,

धाकट्या मुंजाबाचा पायांवर डोकं ठेवून नमस्कार. आम्ही इकडं बरे आहोत, तूही बजाजनगरात बरा असशील असं धरून चालतो. पत्ता मामाच्या बन्सीनं दिला. कंपनीच्या फाटकावर तुझी दिवसपाळी असते, असं तो सांगत होता.

आईला डाव्या डोळ्यानं दिसेनासं झालंय, पण कुणाच्या चुलीवर काय शिजतंय ते अजून तिला आमच्याआधी कळतं. धरणाचं पाणी यंदा फार मागं हटलं. बुडालेल्या जुन्या गावातला बिरोबाचा चौथरा उघडा पडलाय. दुपारी त्यावर लोकांची मेंढरं बसतात.

आता कामाचं लिहितो. होडीला नंबर घ्यायचा आहे. मिरगाच्या आत नंबर नसलेली होडी ओढून काढून फोडणार, असा हुकूम आलाय. गावात होडी ही एकच. पाणी हटल्यावर उघडी पडणारी सगळ्यांची गाळपेर पलीकडच्या काठाला, आणि सडकेनं जायचं तर जाण्यायेण्यातच दिवस मोडतो. होडी गेली तर गावाची पेर गेली.

अर्जात पहिला रकाना मालकाचा, आणि त्याला कागदाचा पुरावा जोडायचा. आपल्याकडं कसला कागद? आबानं मेंढ्या देऊन होडी घेतली. देणारा भोई मेला, आबाही गेला. आणि आपली वाटणी कशी झाली ते तुला ठाऊक आहे. दोघांनी तळहातावर बेलभंडारा घेतला आणि आबा बोलला, मेंढरं बिरूची, होडी मुंजाबाची. भंडारा उचलल्यावर वर कागद मागणं म्हणजे देवाला खोटं पाडणं, असं तो म्हणायचा. कचेरीत भंडारा चालत नाही, दादा.

चार खेटे घातले. सरकारी काम अन् सहा महिने थांब. तात्यासाहेब नावाचे कारकून आहेत, माणूस भला. होडीचा उल्लेख असलेला कसलाही जुना कागद चालेल म्हणाले. मी म्हटलं, नाही. तर परवा त्यांनीच जुनी दप्तरं उपसून एक काढला. बिचारे इतके खूश झाले की मला चहा पाजला.

तो पंचनामा होता. १९८९ चा. त्यात लिहिलंय, होडीमालक बिरू सटवा शिंगाडे. खाली सांगणाऱ्याची सही, माझी. सातवी पास झालेल्याची वळणदार सही.

तात्यासाहेब म्हणाले, होडी भावाची दिसते, भावाचं संमतीपत्र आणा, एका दिवसात तुमच्या नावावर करून देतो. ते टंकून घेतलं. त्यात एवढंच आहे की होडी माझ्या मालकीची होती, ती मी राजीखुशीनं धाकट्या भावास देत आहे. खाली सही करून उलट टपालानं पाठव, म्हणजे गावाची होडी वाचेल.

पत्र इथंच संपवायचं होतं. पाकिटात घालण्याआधी आईला वाचून दाखवलं. ती डाळ निवडत होती. हात न थांबवता म्हणाली, "बिरू मेंढरं घिऊन निघाला तवा तुला डांबराचं सांगून गेला व्हता. म्या ऐकलं व्हतं."

नऊ वर्षांत ती हे कधी बोलली नव्हती. एवढं बोलून ती डाळच निवडत बसली.

व्हय दादा, सांगून गेला होतास. तळाच्या फटीत बोट घालून दाखवलं होतंस. डांबराचा डबा आणून माझ्या ओसरीवर ठेवला होतास. मी उद्या उद्या करत राहिलो, आणि त्या दिवशी लासूर स्टेशनला कुस्त्या बघायला गेलो. माझ्या जागी वल्ह्यावर फकिरा होता. होडीत कस्तुरावयनी आणि निंदायला निघालेल्या दोघी. मी परत आलो तेव्हा चौघं काठावर ओळीनं निजवलेली होती. तुझ्या बायकोच्या केसांत गाळ होता.

फौजदारानं विचारलं, होडी कुणाची? मी म्हटलं, दादाची. तू कन्नडच्या घाटात होतास. जो इथं नव्हताच त्याला कोण धरतंय, असं वाटलं. माझं पोर तेव्हा सव्वा महिन्याचं होतं. खोटं बोलायला तेवढं कारण पुरलं.

तुला वयनीच्या दहाव्याहून नेलं. कोर्टात तू माझ्याकडं एकदाच बघितलंस आणि म्हणालास, "व्हय, होडी माझीच." भंडारा तुझ्याही हातात होता. तो तू माझ्यासाठी मोडलास. सहा महिने हर्सूलच्या जेलात काढलेस, कळप मोडला, आणि तिथून गावाकडं न येता सरळ वाळूजला गेलास. मी तुला भेटायला एकदाही आलो नाही. होडी मात्र बाहेर काढली आणि तुझ्याच डब्यातलं डांबर लावलं. नऊ वर्षं झाली, एक थेंब आत आलेला नाही.

ते संमतीपत्र मी फाडलं. सही मागितली असती तर तू केली असतीस, याचीच मला भीती वाटते.

सोमवारी कचेरीत जबाब लिहून देतो की पंचनाम्यातलं माझं बोलणं खोटं आहे. तात्यासाहेबांचं तोंड उतरेल. तो एकच कागद खोटा ठरला की होडीला नंबर मिळणार नाही, मिरगाला ती फोडतील, बाया मला शिव्या घालतील आणि त्या खऱ्याच असतील. माझं काय करतील ते ठाऊक नाही. एवढं करूनही तुझे सहा महिने परत येत नाहीत आणि वयनी येत नाही.

माफी मागत नाही. नऊ वर्षांत हे पहिलं पत्र, आणि तेही होडीपायी लिहायला घेतलं होतं. तुझ्यापायी नव्हतं, हे मला कळतं. आईला भेटायचं तर ये. मी घरात नसेन.

तुझा धाकटा भाऊ,
मुंजाबा सटवा शिंगाडे
होडीमालक