पिंट्याची बारी

२ एप्रिल २००२
ओझरच्या अलीकडे, पारूकाकूंकडे. अठरावा दिवस. शर्यतीच्या बैलांवर फिल्म करायला आले आणि शेण काढणारी झाले. कॅमेरा पिशवीत, मी गोठ्यात. काकूंचा बैल पिंट्या आता माझ्या हातून खुराक खातो. सकाळी त्याने माझ्या पायावर पाय दिला, अंगठा काळानिळा. तरी बरं वाटलं. हे लिहायलाही लाज वाटते.

४ एप्रिल
पिंट्याला वासरू असल्यापासून काकूंनी वाढवलं, पण पळताना एकदाही पाहिलेलं नाही. शर्यतीच्या घाटात, म्हणजे गाडे पळतात त्या चढावर, बाया जात नाहीत. मग मी कशी चालते? काकूंचे यजमान अण्णा म्हणाले, "तुमी पावण्या. त्यात शूटिंगवाल्या." काकू चुलीशी भाकरी थापत राहिल्या. नंतर गोठ्यात हळूच, "ताई, त्याचं पळणं मला टीव्हीवर दाखवाल? नुसतं तेवढंच."
शब्द दिला.

७ एप्रिल
यात्रा. सकाळपासून दुसऱ्यांच्या बाऱ्या, म्हणजे एकेका गाड्याची धाव, व्यवस्थित टिपल्या. मग पिंट्याचा गाडा सुटला. मी ओरडले काय, धावले काय, पोरांत घुसून भंडारा उधळला काय! पहिल्या नंबरात आला. अण्णांनी माझ्याही कपाळाला भंडारा लावला. किती महिन्यांनी डोकं शांत.

संध्याकाळी टेप पाहिली. चपला, ढेकळं, कुणाचं तरी धोतर. मग एकदम रिकामा घाट, उडालेली धूळ. बटण उलटं पडलं. चालताना कॅमेरा चालू, बारीला बंद. बारा वर्षं हेच काम करते मी! मूर्ख, मूर्ख.

८ एप्रिल
टेपवर दुसऱ्या कुणाचा तरी पांढरा बैल आहे, अगदी पिंट्यासारखा. तोच दाखवावा असं मनात आलं. आलं, खोटं कशाला लिहू. पण काकू नुसत्या शेपटीवरून ओळखतील.

सांगून टाकलं. शेजारच्या चौघी टीव्हीपुढे आधीच येऊन बसलेल्या.

काकू : "पण तुमी बघितलं ना?"
"हो."
"मग सांगा की."

सांगायला लागले. काकू मधेमधे विचारत गेल्या. मान कुठं व्हती? शेपूट वर व्हती का? वर गेल्यावर तोंडाला फेस व्हता? मी बैल पाहिलाच नव्हता. नुसता आरडाओरडा केला.

काकू उठल्या, चहा टाकला. माझ्या चहात साखर नेहमीएवढीच. त्यानेच जास्त लागलं.

१० एप्रिल
उद्या निघावं का? पिशवी दोनदा भरली, दोनदा उपसली.

दुपारी काकू पिंट्याला खरारा करत होत्या. माझ्याकडे न बघता, "रविवारी परत घाट हाय म्हणं."
"हो."
"तुमच्या त्या तिकाटण्याला धरायला माणूस लागत आसंल."
तिकाटणं म्हणजे माझा ट्रायपॉड. त्याला कुणी धरावं लागत नाही.
"लागतं," म्हटलं.
"मंग मी येते. तुमी वरडा खुशाल. मी नजर नाय काढायची त्याच्यावरनं."
अण्णांना कोण सांगणार? काकू पुन्हा खरारा करू लागल्या, मी शेणाची पाटी उचलली.

संध्याकाळी काकूंनी पेटीतलं हिरवं लुगडं काढून दोरीवर टाकलं. अण्णा त्याच्यासमोरून दोनदा गेले. विचारलं नाही अजून.