दोन वर्षांच्या अर्जाचं उत्तर

१२ फेब्रुवारी २०२४
बदलीच्या अर्जाला आज दोन वर्षं झाली. रजा टाकून पेढे घेऊन शिक्षण खात्यात गेले. बाबूने दोन उचलले, मग विचारलं, "किस खुशी में, मैडम?"
म्हटलं, अर्ज दोन वर्षांचा झाला. अजून चालत नाही, काळजी वाटते.
बाकीचे हसले. बाबू म्हणाला, "प्रक्रिया में है."
शाळा सोहागपूरच्या पलीकडे, घर इथे भोपाळला, नेहरू नगरात. शनिवारी रात्री यायचं, सोमवारी पहाटे निघायचं. नऊ वर्षं मी नवऱ्याकडे पाहुणी आहे.

१७ फेब्रुवारी
नवऱ्याला, श्रीकांतला सांगितलं, हायकोर्टात जाते. त्याने पेपर खाली केला नाही. "कशाला चिडवतेस त्यांना? अजून लांब टाकतील."
सोहागपूरच्या पुढे आता जंगलच आहे. वाघाला बाराखडी शिकवीन.

११ मार्च
जबलपूर, हायकोर्ट. एकटीच गेले. दुबे वकिलांनी आधीच बजावलं होतं — "ट्रांसफर नहीं मिलेगा मैडम, सिर्फ जवाब मिलेगा." म्हटलं, तोच द्या. मुक्या माणसाशी दोन वर्षं बोलतेय.
आमचा नंबर दुपारी लागला. न्यायमूर्तींनी सरकारी वकिलांना विचारलं, "दो साल? हाँ या ना, कुछ तो कहिए." संपलं. तीस दिवसांत निर्णय, कारणांसह, लेखी. तीन मिनिटंही लागली नसतील. मी नवी साडी नेसून गेले होते.

२७ मार्च
आदेशाची प्रत खात्यात दिली. बाबू उठून उभा राहिला! खुर्ची दिली, चहा मागवला. खुर्ची डुगडुगत होती, पण मान मान असतो.

८ एप्रिल
उत्तर आलं, खात्यात जाऊन घेतलं. नामंजूर.
त्याचं वाईट वाटलं नाही. वाईट कारणाचं वाटलं. पती-पत्नी एका ठिकाणी असावेत म्हणून अर्ज, म्हणून खात्याने पतीचं मत विचारात घेतलेलं. सोबत त्याच्या पत्राची प्रत. मार्च २०२२. 'पत्नी के स्थानांतरण से मैं सहमत नहीं हूँ. परिवार को आवश्यकता नहीं है.' खाली श्रीकांतची सही.
जवाहर चौकात एका दुकानाच्या पायरीवर बसून तीनदा वाचलं. दुकानदाराने विचारलं, "पानी दूँ?" प्यायले.
माझ्या अर्जानंतर तीन आठवड्यांनी लिहिलंय. त्यानंतर दोन वर्षं दर रविवारी माझ्यासमोर बसून खात्याला शिव्या देत जेवला.

९ एप्रिल
पाडवा. गुढी उभारली नाही. पत्र त्याच्या ताटाशेजारी ठेवलं. नाकारलं नाही त्याने. दुसरी कुणी आहे का, विचारलं. "नाही गं. मला असंच बरं वाटत होतं. सहा दिवस माझे, एक तुझा."
श्रीखंड त्याने संपवलं.

१४ एप्रिल
रविवार. घरी गेले नाही. शाळेजवळच खोली घेतली, खिडकीतून सागाची झाडं दिसतात. दुबेंना फोन केला, घटस्फोटाची केस घेता का?
म्हणाले, "उसके लिए जबलपुर नहीं आना पड़ेगा, मैडम. भोपाल में ही हो जाएगा."