बगळ्यांचा फोटो

डोंबिवली पूर्व
१९ ऑक्टोबर २०२४

प्रिय योगिनी,

अनेक आशीर्वाद. आम्ही दोघं बरे आहोत. ह्यांचा गुडघा जिना उतरताना कुरकुरतो आणि लिफ्ट नेमकी चार दिवस बंद आहे. फराळाला अजून हात लावलेला नाही.

हे फोनवरही सांगता आलं असतं. पण तू मध्येच “असू दे ताई” म्हणशील आणि मी असू देईन. म्हणून लिहिते.

काल खडवलीला तुमच्या लॉनवर मी साबणाच्या पाण्याची बादली ओतली आणि दहा मिनिटांत गवतातून अळ्या वर आल्या, ते तू पाहिलंस. पाठीवर पट्टे, दिवसा मुळाशी दडून बसणाऱ्या. लष्करी अळी. लॉन संपवून त्या बांध ओलांडून शेजारी देवरामच्या भातात शिरल्या आणि कापणीला आलेल्या लोंब्या कुरतडून पाडल्या. अर्धं शेत गेलं. मी बांधाकडेने चर खणायला लावला, लॉनवर ऊन उतरल्यावर फवारा म्हटलं, उरलेलं भात दोन दिवसांत कापून घ्या म्हटलं. कृषी खात्यात बत्तीस वर्षं हेच करत आले. देवरामने मला हात जोडले आणि सगळ्यांदेखत तुला म्हणाला, “घरान एवरी शिकलेली बाय हाय, तिला इचाराचा तरी.”

तू खाली बघत राहिलीस. ते बोलणं ऐकून घेतलंस.

तू विचारलं होतंस. घटस्थापनेच्या दोन दिवस आधी घरच्या ग्रुपवर तुझा फोटो आला, लॉनभर बगळे आणि साळुंक्या, खाली लिहिलेलं, ‘आईंच्या लॉनवर पाहुणे’. सगळ्यांनी बदाम पाठवले, मीही पाठवला. खरं तर फोटो बघताक्षणी मला कळलं होतं. एवढे पक्षी गवतात उगाच टोचत बसत नाहीत, खाली अळी असते. पाच दिवसांनी तुझा फोन आला की कडेचं गवत करपतंय, काय करू. मी म्हणाले, पाणी कमी पडतंय, वाढव.

त्या दिवशी गवत बारीक कापून एक फवारणी केली असती तर देवरामचं भात उभं असतं.

मला तुझा हेवा वाटतो, योगिनी. थोरली सून म्हणून आई नऊ वर्षं माझ्याकडे होत्या, शेवटची दोन अंथरुणावर. मी भरवत असायचे आणि त्या दाराकडे बघून विचारायच्या, योगिनी कधी येणार? तू महिन्यातून एकदा यायचीस, आणि तुझ्या हातून त्या दोन घास जास्त खायच्या. ताट मग मी घासायचे. लग्नकार्यांच्या त्या लॉनला आईंचं, ‘गोदूबाई लॉन्स’ असं नाव दिलंत, त्याबद्दल मला काही म्हणायचं नाही. पण उद्घाटनाला भटजी म्हणाले, सूनबाई, पुढे या. मी उठले होते गं. खुर्चीतून अर्धी उठले होते. तेवढ्यात महेंद्रभाऊजींनी तुला पुढे केलं. मी पदर सारखा केल्यासारखं करून परत बसले. कुणाच्या लक्षातही आलं नाही.

तुझं हिरवंगार लॉन जरा करपावं, एवढंच मनात होतं. अळी बांध बघून थांबत नाही हे मला माहीत नव्हतं असं मी म्हणू शकत नाही. मी शेतकऱ्यांना तेच शिकवायचे.

काल तू मला सांभाळून घेतलंस. त्याबद्दल आभार मानायला हवेत, पण जमत नाहीये. परत येताना रिक्षात मला तुझा रागच येत होता, की इतकं चांगलंही तूच वागायचं.

लॉन महिन्याभरात पुन्हा हिरवं होईल. देवराम तुझ्याशी बोलेल का, ते सांगता येत नाही. त्याच्या गावात मला आजही ‘मॅडम’ म्हणतात. मला दुसरं कुठे कुणी तसं म्हणत नाही. तरीही हे पत्र त्याला वाचून दाखव. सगळं. माझी लाज राखायला मधलं काही गाळू नकोस, तेवढा उपकार आता करू नकोस. त्याला शंका राहू नये म्हणून सही कागदपत्रांवर करायचे तशी करते.

माया सहदेव भोईर
कृषी पर्यवेक्षक (निवृत्त)