अभ्रकाची पानं

३ मार्च
कनौजला पोहोचलो. आमचा एक्का, घोडा हाकत, अत्तराच्या भट्ट्यांच्या गल्लीत शिरला आणि सब्बो माझ्या मांडीवर उभीच राहिली. अख्खी गल्ली गुलाबाने दरवळत होती! चार वर्षांची पोर, पण नाक माझ्यावर गेलंय. अकीला बींनी दारातच तिच्या हातावर गट्टा, इथली साखरेची मिठाई, ठेवला. मोठ्या अत्तरवाल्या घराण्यातली ही एकटी उरलेली म्हातारी. माझ्या नाकाची कीर्ती ऐकून तिने मला गाजीपूरहून बोलावून घेतलं. सासरी हेच नाक सगळ्यांना खुपायचं. नवरा गेल्यावर तर प्रत्येक घासाबरोबर टोमणा गिळावा लागे. इथे वरच्या मजल्यावर स्वतंत्र खोली आहे आणि माझी पोर माझ्याजवळ आहे. आणखी काय हवं?

६ मार्च
आज ग्रंथ पाहिला. अक्षर एकही नाही. अभ्रकाच्या दोन पातळ पत्र्यांमध्ये अत्तराचा फाया, असं एकेक पान, उंटाच्या कातड्यात शिवलेलं. बींचं घराणं पिढ्यानपिढ्या शहराचा इतिहास असाच लिहीत आलंय. पान झरोक्यातल्या उन्हात धरलं की फाया तापतो, वास सुटतो आणि समोरच्या भिंतीवर त्या दिवसाचं ऊन पडतं. मी धरलं. हत्ती, ओला तंबू, मेंदी. पिवळसर उजेडात सावल्यांची वरात चालली होती. मला रडूच आलं. पानं विरत चालली आहेत. मी हुंगून सांगायचं, बी तेच वास पुन्हा गाळून भरणार.

११ मार्च
दोन पानांच्या मध्ये नाक धुवावं लागतं, नाहीतर वासांची खिचडी होते. अत्तरवाले त्यासाठी स्वतःची बाही हुंगतात. माझ्या बाहीला दिवसभराची अत्तरं लागलेली, तिचा काय उपयोग? मी सब्बोला मांडीवर घेते आणि तिच्या केसांत नाक खुपसते. मोहरीचं तेल, घाम, थोडं दूध. ती खिदळते. बी बघून हसल्या. म्हणाल्या, "असंच करत जा गं पोरी. मूल मांडीवर असलं की नाक कसं लख्ख राहतं."

२ एप्रिल
आज सब्बोच्या केसांना काही वासच नव्हता. पडसं म्हणावं, तर गुलाब येतोय, भट्टीचा धूर येतोय. काल न्हाऊ घातलं, त्यामुळे असेल. ग्रंथाच्या शेवटी एक कोरं पान आहे, त्याचा फाया ओलसर लागला. बी म्हणाल्या, हवा दमट आहे. कनौजच्या एप्रिलात दमट हवा!

१९ एप्रिल
अंगणात सुरईची सावली पडली होती. शेजारी उभ्या सब्बोची नव्हती. मी तिला गोल गोल फिरवलं, पुन्हा पाहिलं. तिला वाटलं खेळ आहे. भट्टीवरचा रमजानी थबकला आणि म्हणाला, भाभी, एकट्याच काय नाचताय?

२० एप्रिल
कोरं पान उन्हात धरलं. मोहरीचं तेल. घाम. दूध. भिंतीवर माझ्या मुलीची सावली उड्या मारत होती.
बींचे पाय धरले. त्या खलबत्त्यात विडा कुटत राहिल्या. ग्रंथात नवं पान भरलं नाही तर जुनी उडून जातात म्हणे, आणि जुन्यांत त्यांच्या मुलाचं पान आहे. तुझी जाणार नाहीतर माझा, मी काय करायला हवं होतं, असं मलाच विचारलं. वर म्हणाल्या, "आणि मी कुठे हात लावला? तूच तर तुझ्या नाकाने भरलंस."

२३ एप्रिल
ग्रंथाकडे जात नाही. नाकावर ओढणी घट्ट बांधून असते. तरी तिला कुशीत घ्यायला गेले तर हात —
अम्मी म्हणते. कुठून म्हणते ते —

२७ एप्रिल
अंथरूण सपाट. उशाशी अर्धा गट्टा, तिच्या दातांच्या खुणांसकट.

९ जून
बी लू लागून गेल्या. त्यांच्या मुलाचं पान मी भट्टीत टाकलं. तडतडलं. लहान पोराच्या घामाचा वास आला. बरं वाटलं.

३० जुलै
रोज ठरवते, तिचं पान उन्हात धरायचं नाही. रोज धरते. धरलं की वास उणा होतो. आज दूध आलंच नाही. नुसतं तेल. सावली उड्या मारत नाही, बसून असते —

१२ सप्टेंबर
तेलही —
नवं पान शिवलं. कोरं. रमजानीकडून जौनपूरला निरोप धाडला. तिथल्या एका बाईचं नाक चांगलं आहे म्हणे. कडेवर मूल आहे ना, ते मुद्दाम विचारून घेतलं.

१ ऑक्टोबर
आली. मुलगा आहे, टपोऱ्या डोळ्यांचा. दारातच त्याच्या हातावर गट्टा ठेवला.
तिने पहिलं पान हुंगलं आणि बाही नाकाशी नेली. मी तिचा हात हलकेच खाली केला. म्हटलं, असं नाही गं पोरी, त्याला मांडीवर घे, आणि त्याच्या केसांत —